सत्तेचाळीस दिवसांचा खंड

कॉलेजात जे शिकवतात ते प्राध्यापक, आणि ते शिकवतात हे कागदावर खरं करून दाखवतो तो हेडक्लार्क. भोरच्या एका कॉलेजात मी हे काम जन्मभर केलं. प्राचार्य आले नि गेले, पण मी, मुलाणी भाऊसाहेब, त्याच खुर्चीत राहिलो. निवृत्त झाल्यावर एका दिवाळी अंकाच्या बाईंचा फोन आला, "नोकरीतल्या आठवणी लिहा, पण प्रेरणादायी पाहिजेत." मी म्हटलं, आमच्या हिशेबात प्रेरणेला लेखाशीर्षच नव्हतं. "मग असतील तशा लिहा," बाई म्हणाल्या. तर या असतील तशा आहेत, आणि खरं म्हणजे एकच आहे.

आधी धंदा समजून घ्या. कॉलेजात एका फळ्यापुढे तीन जातींचे प्राध्यापक उभे राहतात. पहिला कायम. त्याला पगार, रजा, पेन्शन आणि सगळ्या विषयांवर मत असतं. दुसरा तात्पुरता. त्याला ऑर्डर मिळते, आणि ऑर्डर ज्या दिवशी संपते त्या दिवशी तो प्राध्यापक राहत नाही. दुसऱ्या दिवशी तो पेपर तपासायला येतो, पण सरकारच्या लेखी तो घरी असतो. तिसरा तासिकेवरचा. तो रिक्षासारखा, मीटर पडला तेवढंच. विद्यार्थी तिघांनाही 'सर' म्हणतात. फरक फक्त मला माहीत असायचा, आणि सासऱ्यांना.

सासऱ्यांचं सांगतो. कॉलेजातल्या एखाद्या अविवाहित मास्तराला स्थळ आलं, की मुलीचा बाप त्याच्या घरी जाण्याआधी माझ्या टेबलापाशी यायचा. सारोळ्याचे एक गृहस्थ तर दोन पाहुणे घेऊन आले, टोप्या काढून बसले, चहा प्यायले आणि म्हणाले, "पोरगा कसा हाय ते आमी बघू. ऑर्डर कशी हाय ते तुमी सांगा." मी म्हटलं, तात्पुरती आहे. तिघांनी एकमेकांकडं बघितलं. "मंग लगीन बी तात्पुरतंच करावं लागंल," म्हणाले, आणि टोप्या घालून निघाले. ज्याचं स्थळ होतं ते सर त्या वेळी वर अर्थशास्त्र शिकवत होते. रोजगाराचा धडा चालू होता.

असल्या गोष्टी सांगून मी कैक वर्षं स्टाफरूममध्ये हशा मिळवला. आता जी सांगणार आहे ती कुणाला सांगितली नव्हती.

आमच्याकडे भूगोलाला शिळीमकर नावाचे सर होते. मार्गासनीचे. उंच, किरकोळ, शर्टाच्या खिशाला दोन पेनं, एक निळं, एक लाल. चौदा वर्षं तात्पुरते होते. दर टर्मला त्यांची ऑर्डर मीच टाइप करायचो, 'ही नेमणूक पूर्णतः तात्पुरत्या स्वरूपाची असून आपणास सेवेचा कोणताही हक्क सांगता येणार नाही.' हे वाक्य माझ्या बोटांना इतकं पाठ झालं होतं, की एकदा पुतण्याच्या लग्नाची पत्रिका टाइप करताना निम्मं उमटलं.

सरांना एक खोड होती. चुकीचं मराठी त्यांना बघवत नसे. विषय भूगोल, पण नजर व्याकरणाची. एका वर्षी दिवाळीच्या सुट्टीआधी मी सूचना फलकावर नोटीस लावली. दुपारी बघतो तर तिच्यात सात ठिकाणी लाल गोल. ऱ्हस्व-दीर्घ, अनुस्वार, एक क्रियापद. खाली सही नव्हती, पण लाल पेन कॉलेजात कुणाच्या खिशाला असतं हे सगळ्यांना ठाऊक होतं. एफवायची पोरं फलकापुढं उभी राहून मोठ्यानं वाचत होती. एक म्हणाला, "भाऊसाहेब सात विषयांत नापास."

सुट्टी लागली त्या दिवशी सरांची पहिल्या टर्मची ऑर्डर संपली. दुसऱ्या टर्मची मी तयार केली, संस्थेच्या सचिवांकडं सहीला पाठवायची फाईल बांधली, आणि ती ड्रॉवरमध्ये सगळ्यात खाली ठेवली. बस, एवढंच केलं. ऑफिसात राग व्यक्त करायला आणखी काही लागत नाही.

सुट्टी संपली. सर आले, शिकवायला लागले. ऑर्डर नाही म्हणून मस्टरवर सही नाही. दर चार दिवसांनी ते खिडकीशी यायचे, "भाऊसाहेब, आमचं काही आलं का?" मी म्हणायचो, "वरून यायचंय, सर." वरून म्हणजे माझ्या गुडघ्याच्या खालून. पंचेचाळीस दिवसांनी माझा राग शिळा झाला, फाईल गेली, सत्तेचाळिसाव्या दिवशी सही झाली. ऑर्डर ज्या दिवशी निघाली त्या दिवसापासूनची तारीख पडली. सर म्हणाले, "उशीर का होईना, आभारी आहे." मी मान हलवली.

त्याच सुट्टीत सरकारनं पेन्शनचा नियम बदलला होता. आम्हाला तेव्हा त्याचं काहीच वाटलं नाही. नियम असा, की एका ठरलेल्या तारखेआधी जो नोकरीत होता त्याला जुनी पेन्शन. म्हणजे मरेपर्यंत दरमहा, आणि मेल्यावर बायकोला. त्या तारखेनंतर जो लागला त्याला नवी. तीत पगारातून कापून घेतात, बाजारात लावतात, आणि म्हातारपणी काय हाती येईल ते बाजार ठरवतो. ती तारीख सरांच्या दोन ऑर्डरींच्या मधे पडली. नुसती सुट्टी मधे असती तर नियमात माफी होती. सुट्टी अधिक सत्तेचाळीस दिवस, याला नियमात नाव आहे 'सेवाखंड'. खंड पडला की मागची सगळी वर्षं गळून पडतात. चौदापैकी जवळजवळ सगळी. माणूस जणू त्या दिवशीच नोकरीला लागला.

पुढे सर कायम झाले. मी निवृत्त झालो, जुन्या पेन्शनीवर. दोन वर्षांनी सर निवृत्त झाले, त्यांचा प्रस्ताव पुण्याच्या कार्यालयात गेला आणि परत आला. एक दिवस ते तो कागद घेऊन माझ्या घरी आले. शेरा असा होता: 'सेवेत खंड दिसून येतो. सबब सदर कर्मचारी जुन्या निवृत्तिवेतनास पात्र नाही. खंडाबाबत कर्मचाऱ्याची चूक नसल्यास पुराव्यासह खुलासा करावा.'

"चूक नाही हे कसं सिद्ध करायचं?" सर म्हणाले. "मी रोज शिकवत होतो. पण मस्टर नाही, पगारपत्रक नाही. माझ्याकडं फक्त माझी आठवण आहे, आणि ती ते जोडायला मागत नाहीत."

बाहेर खाटेवर लोणच्याच्या फोडी वाळत घालत बसलेल्या माझ्या बायकोनं, रशिदानं, हे ऐकलं. ती म्हणाली, "पोरांच्या वह्यांवर सह्या करत न्हवता का तुमी?"

सर एकदम ताठ बसले. भूगोलाला प्रात्यक्षिकाची जर्नल असते. मुलं त्यात नकाशे काढतात, उंचीच्या रेषा काढतात, आणि प्रत्येक पानावर शिक्षक तारीख घालून सही करतो. परीक्षा झाली की जर्नल मुलाला परत. म्हणजे त्या वर्षीच्या एखाद्या विद्यार्थ्याकडं जर्नल शिल्लक असेल, तर त्या सत्तेचाळीस दिवसांतल्या सरांच्या सह्या शिल्लक होत्या.

सरांच्या सुनेनं त्या बॅचचा व्हॉट्सॲप ग्रुप शोधला. सरांनी शुद्ध मराठीत विचारणा टाकली. पहिल्या दिवशी तेवीस जणांनी फुलं पाठवली. दुसऱ्या दिवशी एकानं लिहिलं, जर्नल रद्दीत दिली. एकीनं लिहिलं, पोरानं पानं फाडून विमानं केली. पाचव्या दिवशी पालीहून संगीताचा निरोप आला, "माझी हाय. या."

ही संगीता तेव्हा भोरला मावशीकडं राहून शिकत होती. आता पालीला, राजगडाच्या पायथ्याला, तिची खानावळ आहे. गडावर जाणाऱ्यांना पिठलं-भाकरी आणि उतरलेल्यांना ताक. मी भोरहून स्कूटर काढली, मार्गासनीला सरांना मागे घेतलं आणि पालीला गेलो. आम्ही पोचलो तेव्हा पुण्याची चार पोरं पायातले बूट झटकत बसली होती आणि संगीता त्यांना भिंतीवरच्या एका कागदावर वाट दाखवत होती.

"हितनं पाली दरवाजाची वाट. ह्या रेषा जवळ जवळ आल्यात, म्हंजी हितं चढ खडा हाय. हितं बोलत जाऊ नका, दम टिकवा."

मग तिनं आम्हाला बघितलं. पदराला हात पुसले आणि सरांच्या पाया पडली. "सर, तुमी लई वाळला."

भिंतीवरचा कागद जर्नलमधलंच पान होतं. तिनं त्या वर्षी काढलेला पाली आणि गडाचा उंचीच्या रेषांचा नकाशा. बाकीची जर्नल तिनं आतून आणली. हळदीचे डाग, तेलाचे डाग, पण सह्या स्वच्छ. सरांनी चष्मा काढून पुसला आणि एकेक पान उलटायला लागले. आमच्या सत्तेचाळीस दिवसांत अकरा सह्या निघाल्या. बारावी भिंतीवर होती.

"ही पण लागंल?" संगीतानं विचारलं.

"तेवढी राहू दे," सर म्हणाले.

"बाकीची न्या. पण जर्नल परत पायजेल. माझ्याकडं कॉलेजची तेवढीच खूण हाय. डिग्रीचा कागद नवऱ्याच्या कपाटात हाय, ती चावी मला घावत न्हाई."

तिनं जेवू घातलं, पैसे घेतले नाहीत. भाकरी मोडता मोडता सर तिला म्हणाले, "बघ, मी शिकवत होतो. ऑर्डर कुठं अडकली होती कोण जाणे." मी पाण्याचा तांब्या पुढं ओढला. भाकरी पाण्यानं उतरली, पण वाक्य काही उतरेना.

परत येताना सर मागे बसून बोलत होते. इतकं मोकळं बोलताना मी त्यांना कधी ऐकलं नव्हतं. बायकोच्या गुडघ्यांचं ऑपरेशन, मुलाची पुण्यातली नोकरी, तीही तात्पुरतीच. मी पुढे बघून चालवत होतो. कार्यालयानं विचारलं होतं की चूक कुणाची. सह्या सांगत होत्या की सर हजर होते. ऑर्डर का निघाली नाही हे कुठलीही सही सांगणार नव्हती. ते जिवंत माणसांपैकी एकालाच ठाऊक होतं आणि तो स्कूटर चालवत होता.

मार्गासनीला त्यांच्या घरापुढं गाडी थांबवली आणि इंजिन बंद करून सांगितलं. नोटीस, लाल गोल, फाईल. सगळं.

सर खाली उतरून उभे होते. जर्नलची पिशवी त्यांच्या हातात होती. ती त्यांनी या हातातून त्या हातात घेतली. मग म्हणाले, "कुठल्या ड्रॉवरमध्ये?"

"डावीकडच्या. खालच्या."

"मी खिडकीशी उभा राहायचो तेव्हा तो दिसायचा मला," म्हणाले आणि घरात गेले.

आठ दिवस त्यांचा फोन नाही. मी केला तर सून म्हणायची, शेतावर गेलेत. शेत त्यांच्याकडं अर्धा एकर आहे. तेवढ्यात आठ दिवस मावत नाहीत.

रशिदाला सांगितलं. ती दळण निवडत होती. मी म्हटलं, लेखी दिलं तर चौकशी लागेल, माझ्या पेन्शनीवर येईल. ज्यानं सगळ्यांना 'लेखी काही देऊ नका' शिकवलं, त्यानंच लेखी द्यायचं? ती निवडत राहिली. मग म्हणाली, "एवढी वर्सं दुसऱ्यांच्या चुका फायलीला लावल्या. आता आपली एक लावा. पेन्शन गेली तर दोन म्हशी घेऊ. तुमाला म्हशीचं काय येत न्हाई, पण तुमाला क्लार्कीचं बी आधी काय येत न्हवतं."

रात्र घालवून सकाळी मी खुलासा लिहिला. आयुष्यातला सगळ्यात अवघड मसुदा. लिहिलं: 'सदर प्राध्यापकांच्या नेमणूक आदेशाची नस्ती माझ्याकडे प्रलंबित राहिली. कामाच्या व्यापात अनवधानाने तिच्याकडे दुर्लक्ष झाले. परिणामी आदेश निर्गमित होण्यास विलंब झाला.' वाचून मला फार बरं वाटलं. सगळं कबूल केलं होतं आणि कुणीच काही केलं नव्हतं. तीस वर्षांचं कसब त्यात होतं.

मार्गासनीला जाऊन सरांच्या हातात दिला. ते ओट्यावर बसले, खिशातून लाल पेन काढलं. मी उभाच होतो. त्यांनी 'कामाच्या व्यापात' खोडलं. 'अनवधानाने' खोडलं. मग दोन गोल केले आणि कागद परत दिला.

"'दुर्लक्ष झाले' असं लिहिलंय," सर म्हणाले. "'केले' लिहा. आणि 'विलंब झाला' नाही. 'मी विलंब केला.'"

"सर, तसं लिहिलं तर..."

"मराठीत कर्ता असतो, भाऊसाहेब. तुमच्या ऑफिसात नसला तरी."

मी तिथंच त्यांच्या ओट्यावर बसून नव्यानं लिहिलं. राग आला म्हणून मी फाईल रोखून धरली, असं. सरांनी ते वाचलं. या खेपेला गोल केला नाही. आतून चहा आला. आम्ही तो प्यायलो, आणि निघताना ते फाटकापर्यंत आले.

पुण्याला सुनावणीला दोघं एसटीनं गेलो. अधिकारी बाई पस्तिशीच्या असतील. त्यांनी जर्नल चाळली, सह्या बघितल्या, माझा खुलासा वाचला, मग मला बघितलं, मग परत खुलासा.

"असं कुणी लिहून देत नाही," त्या म्हणाल्या.

"मलाही सवय नव्हती, मॅडम."

"तुमच्यावर आता कारवाई बसत नाही. मुदत कधीच गेली. हे तुम्हाला माहीत होतं का?"

मला माहीत नव्हतं. हेडक्लार्कला नियम माहीत नाही हे कबूल करायला त्या दिवशी खुलाशापेक्षा जास्त लाज वाटली. बाईंनी सरांना विचारलं, "यांच्याबद्दल तुमची काही तक्रार?"

सर विचार करून म्हणाले, "आहे. पण ती या कार्यालयाच्या अखत्यारीत येत नाही."

बाई पहिल्यांदा हसल्या. प्रती घेऊन मूळ जर्नल परत करताना म्हणाल्या, "मी नव्या पेन्शनीतली आहे. जे तुम्हाला मंजूर करीन ते मला मिळणार नाही." मग पुढची फाईल ओढली. सर "धन्यवाद" म्हणाले आणि त्यांनी जर्नल पिशवीत घातली.

खंड माफ झाल्याचा आदेश चार महिन्यांनी आला. जर्नल मी स्वतः पालीला पोचवली. संगीतानं आधी अकरा सह्या मोजल्या, मग चहा टाकला.

सर आणि मी मित्र झालो, असं लिहिलं तर अंकाच्या बाईंना आवडेल. तसं झालेलं नाही. ते माझ्याशी बोलतात, पण जपून, खड्ड्याच्या रस्त्यावरून गाडी चालवावी तसं. ते रास्त आहे. आमच्या कॉलेजात आज निम्म्याहून जास्त शिकवणारे तासिकेवर आहेत. त्यांच्यातली एक इतिहासाची बाई परवा घरी आली. विचारत होती, कुठले कागद जपून ठेवू. मी तिला सगळं सांगितलं, ड्रॉवरपर्यंत. ती म्हणाली, "भाऊसाहेब, आमच्या नशिबी ऑर्डरच नाही, ती दाबून कोण ठेवणार?" तिला रशिदानं जेवायला थांबवून घेतलं.

नोव्हेंबरात पेन्शनवाल्यांना बँकेत हयातीचा दाखला द्यावा लागतो. आपण जिवंत आहोत हे जातीनं जाऊन सांगायचं. सरांचं ते पहिलंच वर्ष. मी भोरच्या बँकेत रांगेत होतो, ते मागून आले आणि माझ्यापाठी उभे राहिले. फॉर्म घेतला. दोनदा वाचला. मग तिसऱ्यांदा.

"काही चुकलंय का?" मी विचारलं.

"चूक नाही," सर म्हणाले. "चौदा वर्षं माझ्या प्रत्येक कागदावर 'तात्पुरता' लिहून आलं. आणि इथं, जिथं तो शब्द खरंच पाहिजे, तिथं नुसतंच लिहिलंय, 'मी हयात आहे.'"

खिडकीतल्या बाईंनी सही कुठं करायची ते बोटानं दाखवलं. सरांनी केली, तारीख घालून.